साडेत्रेसष्ट अंशांचा कोन

मुंबई शहराच्या सार्वजनिक आरोग्याचा इतिहास लिहू पाहणारा मनुष्य बहुधा १८९६ च्या सप्टेंबरपाशी येऊन थांबतो. त्या महिन्यात मांडवीच्या दाट वस्तीत डॉ. अकासिओ व्हिएगस यांनी ग्रंथिक सन्निपाताचा रोगी ओळखला, आणि पुढच्या दोन-तीन वर्षांत घरझडत्या, सक्तीचे विलगीकरण, रेल्वे-स्थानकांवरील तपासण्या, १८९७ चा साथरोगांचा कायदा, लोकांचे पलायन आणि पुण्यातील रँडसाहेबाचा वध अशी जी एकाहून एक दारुण प्रसंगांची मालिका घडली, तिच्यामुळे प्लेग हा इतिहासाचा विषय होऊन बसला. त्याच चाळींत, त्याच काळोख्या जिन्यांच्या वर आणि खाली, दुसरा एक रोग दरसाल आपला वाटा उचलून नेत होता. परंतु त्याच्यासाठी कोणी छावणी उभारली नाही, जाहीरनामा काढला नाही, की त्याच्या भयाने बिऱ्हाड आवरून कोणी बोरीबंदर गाठले नाही. क्षयाचा रोगी दोन-दोन, तीन-तीन वर्षे मरत असे. आणि जे मरण इतके सावकाश येते त्याचा सरकारदरबारी पंचनामा होत नसतो.

हा रोग आपल्याकडे नवा नव्हे. राजयक्ष्मा या नावाने आयुर्वेदाने त्याची लक्षणे सविस्तर सांगितली, पुराणांनी दक्षाच्या शापाने झिजणाऱ्या चंद्राशी त्याचे नाते जोडले, आणि सुश्रुताने तर एका मनुष्यापासून दुसऱ्याकडे जाणाऱ्या विकारांची जी याद दिली आहे तीत ज्वर आणि कुष्ठ यांच्या पंक्तीस शोष, म्हणजेच क्षय, बसवून, निःश्वास, सहभोजन आणि एका शय्येवरील निद्रा ही त्या संक्रमणाची द्वारे म्हणून नोंदवली. शास्त्रातील हे ज्ञान लोकव्यवहारात मात्र उतरले नाही. लोकांच्या लेखी क्षय हा घराण्याचा दोष होता. सोयरीक जुळवताना त्याची चौकशी कुजबुजत होई आणि ज्याच्या घरी तो असे तो ‘जुना खोकला’ म्हणून वेळ मारून नेई. १८८२ च्या २४ मार्च रोजी बर्लिनमध्ये रॉबर्ट कॉख यांनी या रोगाचा जंतू विद्वानांपुढे ठेवला, तरी त्यानंतर कित्येक वर्षे वैद्यांच्या हाती निदानापलीकडे काही आले नाही. १८८६ साली फिलाडेल्फियाहून वैद्यकाची पदवी घेऊन परतलेल्या डॉ. आनंदीबाई जोशी १८८७ च्या २६ फेब्रुवारीस पुण्यात क्षयानेच वारल्या. वयाची बावीस वर्षेही पुरी झाली नव्हती. जंतूचा शोध लागल्याला तेव्हा पाच वर्षे होत आली होती आणि रोगी स्वतः डॉक्टर होती. तथापि त्या काळी जगातल्या कोणत्याही डॉक्टरपाशी त्यांना देण्याजोगे औषध नव्हते.

औषध नाही म्हटल्यावर हवा उरली. जर्मनीत सायलेशियाच्या डोंगरांत ब्रेमर यांनी एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास पहिले आरोग्यधाम काढले आणि मोकळी हवा, सकस अन्न व सक्तीची विश्रांती या त्रयीवर क्षयाची सारी चिकित्सा उभी राहिली. आपल्याकडे हवापालटाची रूढी होतीच; तिला या नव्या शास्त्राने प्रतिष्ठा दिली. मुंबईचे बेहरामजी मलबारी यांनी शेवटच्या काळात आपले सारे वजन खर्चून सिमल्याच्या वाटेवरील धरमपूर येथे क्षयरोग्यांसाठी आश्रयस्थान उभे केले. १९१२ साली डॉ. बिलिमोरिया यांनी पाचगणीस ‘बेल-एअर’ काढले. मिरजेच्या मिशन इस्पितळाने सांगलीच्या वाटेवर आरोग्यधाम वसवले व त्या जागेला डॉ. वानलेस यांच्या नावाने वानलेसवाडी म्हणू लागले. पाचगणीस सह्याद्रीच्या माथ्यावर, समुद्रसपाटीपासून चार हजार फुटांहून अधिक उंचीवर, लांबच लांब व्हरांड्यात ओळीने मांडलेल्या खाटा, दिवसातून ठराविक वेळा तापमान टिपून घेणारी परिचारिका, दूध-अंड्यांचा खुराक आणि बोलण्यावरही बंदी, असे ते जग होते. तेथे काही रोगी बरे होत, हे नाकारण्याचे कारण नाही. परंतु या धामांचा खरा उपयोग रोग्यापेक्षा त्याच्या घरच्यांना अधिक होत असे. कारण खोकणारा मनुष्य घरातून दूर गेला म्हणजे मागे राहिलेली मुले वाचत. प्रतिबंध हे आरोग्यधामांचे न बोललेले कार्य होते, आणि माझ्या मते तेच त्यांचे मोठे कार्य होय.

अडचण एवढीच की पाचगणीची हवा फुकट असली तरी तेथे राहणे फुकट नव्हते. गिरणीतल्या मजुराचा हवापालट निराळा असे. छातीत दुखू लागले, संध्याकाळी कणकण येऊ लागली, थुंकीत रक्ताचा धागा दिसला, की तो कोकणच्या आगबोटीत बसून देवगड, मालवण, वेंगुर्ले असे आपापले बंदर गाठी, नाहीतर घाटावरची गाडी पकडून सातारा जिल्ह्यातल्या आपल्या गावी जाई. गावची हवा चांगली होती हे खरे. पण ज्या घरात तो परत येई तेथेही माजघर एकच असे. मुंबईच्या मृत्युनोंदीत त्याचे मरण लागत नसे, आणि गावातल्या नोंदीत ते ‘ताप’ या सदराखाली जाई. अशा रीतीने शहराने आपला क्षय जिल्ह्याजिल्ह्यांत वाटला आणि आपल्या दप्तरातले आकडे मात्र हलके ठेवले.

प्रतिबंधाचा दुसरा मार्ग थुंकीचा होता. कॉख यांचे शिष्य कॉर्नेट यांनी वाळलेल्या थुंकीच्या धुळीत जिवंत जंतू असल्याचे दाखवल्यापासून साऱ्या जगाची नजर जमिनीकडे वळली. न्यूयॉर्कने १८९६ साली रस्त्यावर थुंकण्यास मनाई केली. जर्मनीत डेटवायलर यांनी रोग्याने खिशात बाळगावी अशी एक काचेची कुपी तयार केली. गर्द निळ्या रंगाची, तळहातावर मावणारी, वर स्प्रिंगचे धातूचे झाकण आणि रिकामी करून धुता यावी म्हणून खालूनही उघडणारी. सभ्य गृहस्थाने चारचौघांत ती काढून तीत थुंकावे व पुन्हा खिशात ठेवावी अशी अपेक्षा होती. आणि निळ्या रंगाची योजना आतला ऐवज दिसू नये एवढ्यासाठीच होती. आपल्याकडे कुपी फारशी आली नाही, पाट्या आल्या. इस्पितळे, कचेऱ्या, न्यायालये आणि रेल्वे-स्थानके ‘येथे थुंकू नये’ या आज्ञेने भरून गेली, आणि ज्या भिंतीवर ती पाटी असे तिच्याच कोपऱ्यात पानाच्या पिचकाऱ्यांनी तिचा निकाल लागलेला असे. पुढे १९५१ च्या मुंबई पोलीस कायद्याच्या ११६ व्या कलमाने अशी सूचना लावलेल्या सरकारी इमारतीत थुंकणे दंडास पात्र ठरवले. ते कलम निरुपयोगी होते असे मी म्हणत नाही. परंतु थुंकणाऱ्याला दटावणे हे राज्यकर्त्यांना नेहमीच सोपे जाते. त्यात खर्च पाटीचा आणि दोष रयतेचा.

थुंकीची आणि मुखस्पर्शाची एवढी चर्चा चालू असताना तिच्या अगदी मध्यभागी असलेली एक गोष्ट मात्र बहुतेकांच्या ध्यानी आली नाही. ती परळ-लालबागच्या गिरण्यांच्या साळखात्यात रोज घडत होती. धोट्यातील कांडी संपली की विणकराने नवी कांडी घालावी, तिचा धागा धोट्याच्या बारीक छिद्रापाशी आणावा आणि बाहेरून त्या छिद्राला ओठ लावून श्वास आत ओढावा. धागा सुळकन बाहेर येई, त्याबरोबर कापसाची धूळ तोंडात जाई, आणि माग पुन्हा धडधडू लागे. दोन माग सांभाळणाऱ्याला दिवसातून किती वेळा हे करावे लागत असेल याचा हिशेब ज्याचा त्याने करावा. तोच धोटा दुसऱ्या पाळीच्या मनुष्याच्या ओठांना लागे. धागा तुटू नये म्हणून साळखात्यात वाफ सोडून हवा दमट ठेवीत आणि त्यासाठी खिडक्या बंद असत. म्हणजे ओला उबारा, कोंडलेली हवा, कापसाची धूळ आणि एकमेकांच्या तोंडचा धोटा, अशी क्षयाच्या सोयीची सारी सामग्री एका छपराखाली जुळून आलेली होती. अमेरिकेतील मॅसॅच्युसेट्स संस्थानाने धोटा तोंडाने ओढण्याची ही रीत १९११ साली कायद्याने बंद केली. लँकेशायरमध्ये तिच्यावर बंदी यायला १९५२ साल उजाडले.

मुंबईत या रीतीवर आक्षेप निघाला नाही असे नाही. आक्षेप निघाला, पण तो जंतूचा नव्हे, विटाळाचा. ज्याच्या ओठाला लागलेला धोटा आपल्या ओठाला लागणार तो अस्पृश्य जातीचा नसावा, या कारणास्तव सवर्ण विणकरांनी महार कामगारांना साळखात्याची दारे बंद ठेवली. आणि साळखात्यातला पगार गिरणीतल्या चांगल्या पगारांपैकी असल्याने ही सोवळ्याची गोष्ट रोख पैशाचीही होती. १९२८ च्या मोठ्या संपात डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी हा प्रश्न संपाच्या पुढाऱ्यांसमोर स्पष्ट शब्दांत मांडला. शेजारच्या मनुष्याचा क्षय चालेल, त्याची जात चालणार नाही, असा तो न्याय होता. शोषाचा समावेश संक्रामक विकारांत करणाऱ्या सुश्रुताच्या वारसांनी स्पर्शास्पर्शाचा इतका सूक्ष्म विचार केला, आणि त्यात नेमका जो स्पर्श घातक तोच तेवढा सोडून दिला!

आता मुख्य गोष्टीकडे वळतो. ती म्हणजे खोली.

मुंबईच्या लोकसंख्येपैकी दोन तृतीयांशांहून अधिक माणसे १९११ च्या खानेसुमारीच्या वेळी एका खोलीच्या बिऱ्हाडात राहत होती. खोली म्हणजे सरासरी दहा बाय बाराची. एका कोपऱ्यात मोरी, दुसऱ्यात चूल, वर माळा, आणि खिडकी असलीच तर ती समोरच्या चाळीच्या भिंतीकडे किंवा मागच्या गटारगल्लीकडे उघडणारी, म्हणून बहुधा गोणपाट लावून बंद केलेली. गल्लीत वरच्या मजल्यांवरून सांडपाणी आणि केर पडत असता खिडकी बंद ठेवणाऱ्या गृहिणीला आरोग्याचे अज्ञान होते असे म्हणणे हा तिच्यावर अन्याय होय. शिवाय गावकीच्या खोल्या होत्या. एकेका गावचे चाकरमानी मिळून एक खोली भाड्याने घेत. भिंतीला ओळीने वळकट्या आणि खुंटीला ट्रंका. रात्रपाळीचा मनुष्य सकाळी परत आला की दिवसपाळीच्या मनुष्याने नुकत्याच सोडलेल्या जागेवर आडवा होई. बायका-मुलांचे बिऱ्हाड असलेल्या खोल्यांची स्थिती याहून बरी नव्हती. १९२२ साली डॉ. बार्न्स या बाईंनी गिरणीत काम करणाऱ्या स्त्रियांच्या बाळंतपणाची चौकशी सरकारतर्फे केली, तेव्हा एका चाळीच्या दुसऱ्या मजल्यावर सुमारे १५ फूट लांब व १२ फूट रुंद अशा खोलीत त्यांना सहा कुटुंबे आढळली. जमिनीवर सहा वेगवेगळ्या चुली होत्या, आणि लहान-मोठी मिळून ३० माणसे त्या खोलीत राहत होती. यांत एकास जरी क्षय असला तरी उरलेल्या एकोणतिसांनी थुंकण्याबाबतच्या साऱ्या पाट्या वाचून काय साधणार होते?

डॉ. आर्थर लँकेस्टर यांनी पहिल्या महायुद्धाच्या काळात हिंदुस्थानभर हिंडून क्षयाची पाहणी केली व १९२० साली तिचा ग्रंथ प्रसिद्ध केला. दाट वस्तीची शहरे आणि पडद्याआड कोंडलेल्या स्त्रिया ही दोन कारणे त्यांनी ठळकपणे मांडली. घराबाहेर मैलोन्मैल हिंडणारा पुरुष वाचतो आणि घरात बसलेली तरुण स्त्री मरते, तेव्हा दोष घराच्या हवेचा आहे, हे समजण्यास सूक्ष्मदर्शक लागत नाही. मुंबईत तर हे त्याआधीच एका मनुष्याने गणिताने सिद्ध करून दाखवले होते.

तो मनुष्य डॉक्टर नव्हता, सनदी अधिकारी होता. प्लेगनंतर, १८९८ च्या कायद्याने, शहराची गलिच्छ वस्ती पाडून नवी बांधण्यासाठी ‘सिटी इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट’ नावाचे मंडळ स्थापन झाले होते. नागपाडा, मांडवी-कोळीवाडा येथील पाडापाडी, प्रिन्सेस स्ट्रीट व सँडहर्स्ट रोड हे हमरस्ते, दादर-माटुंग्याची नवी वसाहत ही सारी त्याचीच कामे. त्या मंडळाचे अध्यक्ष जे. पी. ऑर यांनी १९१२ साली मुंबईतील घरांतील उजेड व हवा या विषयावर एक व्याख्यान दिले आणि त्यात एका कोनाचा पुरस्कार केला. खोलीच्या बाहेरच्या भिंतीच्या पायथ्यापासून समोरच्या इमारतीच्या माथ्यापर्यंत एक रेषा ओढावी. त्या रेषेने जमिनीशी केलेला कोन साडेत्रेसष्ट अंशांहून अधिक असता कामा नये. भूमितीच्या पुस्तकातून उचललेली ही गोष्ट व्यवहारात अगदी सोपी आहे: समोरची इमारत जितकी उंच तिच्या निम्मे अंतर मध्ये मोकळे सोडावे. साठ फुटी चाळ असेल तर तीस फूट. यूरोपातील थंड देशांत यासाठी पंचेचाळीस अंशांचा दंडक मागत, म्हणजे उंचीइतकेच अंतर. मुंबईचा सूर्य डोक्यावर येतो आणि जागेचा भाव आकाशाला भिडतो, हे जाणून ऑर यांनी निम्म्यावर तडजोड केली होती. तेवढ्यात तळमजल्याच्या खोलीत आकाशाचा एक तुकडा दिसतो, भिंत कोरडी राहते, आणि कोंडलेली हवा हलते. ऊन लागले की क्षयाचा जंतू फार काळ तग धरत नाही हे कॉख यांनीच सांगून ठेवलेले होते.

मंडळाने आपल्या योजनांत हा दंडक पाळला. परंतु मुंबईतली बहुतेक घरे मंडळाची नव्हती, घरमालकांची होती; आणि महानगरपालिकेत घरमालकांचे वजन मोठे होते. निम्मे अंतर मोकळे सोडायचे म्हणजे तेवढ्या जागेचे भाडे सोडायचे. शहरासाठी असा नियम करण्याच्या प्रयत्नांना तेथे जो विरोध झाला तो आरोग्याच्या नावाने झाला नाही हे उघड आहे, पण गरिबांच्या नावाने झाला हे सांगितले पाहिजे: अंतर वाढवले तर खोल्या कमी होतील, खोल्या कमी झाल्या तर भाडी वाढतील, भाडी वाढली तर मजूर रस्त्यावर येईल. या युक्तिवादात तथ्य नव्हते असेही नाही. मंडळाने जितकी घरे पाडली तितकी बांधली नाहीत, आणि उठवलेली माणसे शेजारच्या गल्लीतल्या आधीच भरलेल्या खोल्यांत शिरली. नियम आणि घरे एकाच वेळी हवी होती. मुंबईला नियम थोडे मिळाले आणि घरे त्याहून थोडी.

पुढे गव्हर्नर लॉइड यांच्या अमदानीत ‘डेव्हलपमेंट डिपार्टमेंट’ने वरळी, नायगाव, डिलाईल रोड आणि शिवडी येथे २०७ चाळी उभारल्या. तेथे इमारतींमधील अंतर चांगले होते, पण खोल्यांना खिडक्यांऐवजी काँक्रीटच्या झडपा बसवल्या, त्यामुळे पाऊस आत येई आणि उजेड बाहेर राही. भाडेकरू बरीच वर्षे तिकडे फिरकले नाहीत. आज त्यांतल्या बऱ्याच चाळी पाडून तेथे मनोरे उभे राहत आहेत. त्या मनोऱ्यांची अंतरे कोणी मोजावीत.

दरम्यान क्षयाच्या बंदोबस्ताची यंत्रणा हळूहळू जमत होती. १९१७ साली मुंबईत क्षयाचा स्वतंत्र दवाखाना निघाला. त्यामागची कल्पना एडिंबरोच्या रॉबर्ट फिलिप यांची होती: रोग्याला औषध देऊन थांबू नये, त्याच्या घरी जावे, तो कोठे निजतो ते पाहावे आणि घरातल्या प्रत्येकाची छाती तपासावी. १९२९ चा पंचम जॉर्ज यांच्या नावाचा फंड, लेडी लिनलिथगो यांनी उभारलेला दुसरा फंड, १९३९ साली स्थापन झालेला अखिल भारतीय क्षयनिवारक संघ, शिवडीचे महानगरपालिकेचे मोठे रुग्णालय, ही त्या वाटेवरची ठाणी. १९४६ साली सरकारच्या आरोग्यविषयक भोर समितीने जो हिशेब मांडला त्याने मात्र या साऱ्या उद्योगाची लांबी-रुंदी स्पष्ट झाली. देशात क्षयाचे सुमारे २५ लाख रोगी, दरसाल सुमारे ५ लाख मृत्यू, आणि त्यांच्यासाठी खाटा सुमारे ६ हजार. रोग्याला घरापासून दूर नेऊन घरच्यांना वाचवण्याचे धोरण ठेवायचे तर चारशेहून अधिक रोग्यांमागे एक खाट होती. पाचगणीचे व्हरांडे कितीही लांबवले तरी हा हिशेब जुळणारा नव्हता.

तो जुळवला मद्रासने. स्ट्रेप्टोमायसिन १९४३ साली सापडले, आयसोनायझिड १९५२ साली आले, आणि क्षयावर प्रथमच खरे औषध मिळाले. (आपल्या पिंपरीच्या कारखान्यातही पेनिसिलीनच्या पाठोपाठ स्ट्रेप्टोमायसिन तयार होऊ लागले.) १९५६ साली मद्रासमध्ये वॅलेस फॉक्स यांच्या देखरेखीखाली एक प्रयोग सुरू झाला. शहरातल्या गरीब वस्तीतील १९३ क्षयरोग्यांची चिठ्ठ्या टाकावी तशी विभागणी केली. काहींना आरोग्यधामात पाठवले, काहींना त्यांच्याच दाटीच्या घरी ठेवले, आणि दोघांनाही वर्षभर तीच औषधे दिली. आरोग्यधामातल्यांना खाणे अधिक, विश्रांती अधिक, हवा मोकळी. घरातल्यांना यांपैकी काहीच नाही. वर्षअखेर आरोग्यधामातले शंभरात ९२ आणि घरातले शंभरात ८६ जंतुमुक्तीच्या पायरीला पोहोचले. याहून महत्त्वाची गोष्ट पुढच्या पाच वर्षांत दिसली: घरी ठेवलेल्या रोग्यांच्या कुटुंबीयांत क्षयाचा उपद्रव दुसऱ्या गटातल्या कुटुंबीयांहून अधिक झाला नाही. जे संक्रमण व्हायचे ते औषध सुरू होण्यापूर्वीच झालेले होते. औषध सुरू झाल्यावर रोगी लवकरच निरुपद्रवी होत होता. वैद्यकाच्या इतिहासात ज्यांनी शेकडो इमारती एका फटक्यात अनावश्यक ठरवल्या अशा प्रयोगांत याची गणना करावी लागेल. १९५९ साली बंगळूरला राष्ट्रीय क्षयरोग संस्था निघाली, १९६२ साली राष्ट्रीय कार्यक्रम सुरू झाला, आणि घरी राहून औषध घेणे हा शिरस्ता पडला.

लसीचा इतिहास वेगळा आणि जरा विनोदी आहे. बी.सी.जी. टोचण्याची मोहीम १९४८ पासून देशभर चालली तेव्हा राजाजींसारख्या थोर मुत्सद्द्याने तिच्याविरुद्ध १९५५ साली पुस्तिका लिहिली. त्यांचे आक्षेप सारे शास्त्रशुद्ध नव्हते. पण त्याच मद्रासजवळच्या चिंगलपेट जिल्ह्यात पुढे झालेल्या प्रचंड चाचणीने मोठ्या माणसांच्या फुप्फुसांचा क्षय ती लस थोपवत नाही असाच निर्वाळा दिला. तान्ह्या मुलांना मेंदूच्या क्षयासारख्या भीषण प्रकारांपासून ती वाचवते, म्हणून आजही प्रत्येक बाळाच्या दंडावर तिची खूण उमटते.

मद्रासच्या प्रयोगाने एक अनिष्टही झाले, आणि त्याचा दोष प्रयोगाकडे जात नाही. घर कसेही असले तरी रोगी बरा होतो, हे त्याने दाखवले. घर कसेही असले तरी रोग पसरत नाही, असे तो कोठेही म्हणत नव्हता. निदान होण्यापूर्वीचे जे महिने मनुष्य खोकत हिंडतो, त्या महिन्यांत त्याच्या भोवतीची हवा कोंडलेली असावी की हलती, हा प्रश्न शिल्लकच होता. त्याच सुमारास अमेरिकेत बाल्टिमोरच्या रुग्णालयात रायली आणि वेल्स यांनी क्षयरोग्यांच्या कक्षातील हवा नळांवाटे वरच्या मजल्यावर ठेवलेल्या गिनीपिगांपर्यंत नेली. त्या प्राण्यांनी रोग्याला पाहिलेही नव्हते, त्यांच्यापर्यंत पोहोचली होती ती केवळ हवा, आणि तेवढ्याने त्यांना क्षय झाला. ज्यांच्याकडे जाणारी हवा अतिनील प्रकाशातून नेली ते वाचले. जमिनीवरच्या थुंकीपेक्षा खोलीत तासन्‌तास तरंगणारे, डोळ्यांना न दिसणारे कण हे या रोगाचे खरे वाहन आहे, हे येथे ठरले. निळ्या कुपीचा आणि पाट्यांचा काळ येथे संपायला हवा होता आणि ऑर यांच्या कोनाचा सुरू व्हायला हवा होता. झाले उलटे. गोळ्या मिळाल्या, आणि क्षय हा आरोग्य-खात्याचा विषय म्हणून त्या खात्याच्या दप्तरात बांधला गेला. घरबांधणीच्या दप्तरात त्याचे नाव राहिले नाही.

मुंबईच्या पूर्वेकडील गोवंडी-मानखुर्द भागात, रस्ते व रेल्वे यांच्या प्रकल्पांमुळे उठवलेल्या झोपडीवासीयांसाठी बांधलेल्या लल्लूभाई कंपाउंड आणि नटवर पारेख कंपाउंड या वसाहतींची तसेच जवळच्या पी.एम.जी.पी. वसाहतीची पाहणी करून काही डॉक्टर व अभियंत्यांनी २०१८ साली आपले निष्कर्ष प्रसिद्ध केले. पहिल्या दोन वसाहतींत सात-आठ मजली इमारती एकमेकींपासून अवघ्या तीन मीटरांवर उभ्या आहेत. तेथे क्षयाचे प्रमाण ऐसपैस मांडणीच्या तिसऱ्या वसाहतीच्या कितीतरी पट आढळले, आणि खालच्या मजल्यांवर, जेथे भरदुपारी दिवा लावावा लागतो, तेथे ते विशेष होते. तेवीस मीटर उंचीच्या इमारतीला ऑर यांच्या मापाने साडेअकरा मीटर अंतर लागते. तीन मीटरांत तो कोन साडेत्रेसष्टाऐवजी ब्याऐंशी अंशांच्या वर जातो. आणि या इमारती कोणा लोभी घरमालकाने रातोरात चोरून उठवलेल्या नाहीत, त्या सार्वजनिक योजनेखाली, मोकळ्या जागेच्या नियमांत सवलत देऊन, रीतसर मंजुरीने बांधलेल्या आहेत.